तिकीट खिडकीतला नायक

चित्रपटगृहाच्या तिकीट खिडकीत बसलेला कारकून आणि बाहेरच्या पोस्टरवर झळकणारा नायक ही एकच व्यक्ती असावी, हा योग एखाद्या विनोदी पटकथेतच शोभावा. मराठी चित्रपटसृष्टीत तो प्रत्यक्ष घडला. साल १९५२, गाव पुणे, चित्रपटगृह ‘भानुविलास’ आणि खिडकीमागचा कारकून राजा गोसावी. ज्या चित्रपटात आपण नायक आहोत, त्याच चित्रपटाची तिकिटे ते स्वतःच्या हाताने फाडून प्रेक्षकांना देत होते. पडद्यावरचा नट खिडकीत पाहायला मिळतो म्हणून रांगेत उभे राहणारेही काही कमी नव्हते.

हा किस्सा पुण्यात पुढे अनेक वर्षे हसत हसत सांगितला गेला. मात्र त्याची दुसरी बाजू तितकीशी हसण्याजोगी नाही. पोस्टरवर नाव आले तरी दरमहाच्या पगाराची नोकरी सोडावी, एवढी शाश्वती मराठी चित्रपट त्या काळी आपल्या नायकाला देऊ शकत नव्हता. विनोदाचा राजा म्हणून ओळखल्या गेलेल्या या अभिनेत्याच्या संपूर्ण कारकिर्दीचे मर्म त्या खिडकीत सापडते. घरगडी, ऑफिसबॉय, सुतार, रंगभूषेचा मदतनीस, गर्दीतला एक्स्ट्रा, नाटकातला किरकोळ नट, बुकिंग क्लार्क, नायक आणि पुन्हा दुय्यम भूमिकांतला नट, अशी सारी वळणे त्यांनी पाहिली. पडद्यामागच्या आणि पडद्यावरच्या इतक्या निरनिराळ्या जागा एकाच आयुष्यात भोगलेला दुसरा मराठी नायक शोधणे कठीण आहे.

कुरोलीचा राजाराम

राजाराम शंकर गोसावी यांचा जन्म २८ मार्च १९२५ रोजी सातारा जिल्ह्यातील सिद्धेश्वर कुरोली या गावी झाला. हे गाव खटाव तालुक्यात, येरळा नदीच्या काठी वसलेले आहे. माणदेशाला लागून असलेला हा भाग पावसाच्या सावलीतला. शेतीच्या भरवशावर सगळे घर चालेल याची खात्री नसल्यामुळे इथल्या तरुणांनी पिढ्यान् पिढ्या बाहेरची वाट धरली. कोणी मुंबईच्या गिरणीत गेला, कोणी गोदीत, तर कोणी सोन्याचांदीच्या गलाईच्या धंद्यात देशभर पांगला. गाव सोडणे ही इथे जगण्याची रीतच होती.

राजारामनेही गाव सोडले, पण ते नाटकाच्या वेडापायी. अभ्यासात मन रमत नव्हते आणि घरच्यांना हा नाद पसंत नव्हता. नट होण्याच्या ईर्षेने घराबाहेर पडलेल्या या मुलाजवळ ना शिक्षणाचे पाठबळ होते, ना पैशाचे. ओळखदेख तर नव्हतीच. मुंबईच्या फेऱ्यात सापडलेल्या या तरुणाला अखेर आसरा मिळाला तो मास्टर विनायक यांच्याकडे. पण नट म्हणून नव्हे, घरगडी म्हणून.

विनायकांच्या छायेत

मास्टर विनायक हे त्या काळातले मोठे नाव. आचार्य अत्र्यांच्या लेखणीतून उतरलेल्या ‘ब्रह्मचारी’ (१९३८) आणि ‘ब्रँडीची बाटली’ (१९३९) या चित्रपटांनी मराठी पडद्यावरच्या विनोदाला सुशिक्षित, खट्याळ आणि सामाजिक टीकेचे वळण दिले होते. हंस पिक्चर्स आणि नवयुगनंतर त्यांनी ‘प्रफुल्ल पिक्चर्स’ ही स्वतःची संस्था काढली. ती कोल्हापुरात सुरू झाली आणि पुढे मुंबईला हलली.

या संस्थेची छाया ज्यांच्यावर पडली, त्यांतले एक नाव पुढे जगभर गेले. एप्रिल १९४२ मध्ये मास्टर दीनानाथांचे निधन झाल्यावर, सांगलीत बालपण घालवलेली त्यांची थोरली मुलगी लता घर चालवण्यासाठी विनायकांच्या चित्रपटांत लहानसहान भूमिका करू लागली. ‘माझे बाळ’ आणि ‘गजाभाऊ’ हे प्रफुल्लचे चित्रपट तिच्या त्या दिवसांतले. कुटुंबाच्या गरजेपोटी तोंडाला रंग लावणारी तेरा-चौदा वर्षांची मुलगी आणि नट होण्यासाठी घरकाम करणारा खटावचा तरुण, अशा दोघांनाही एकाच संस्थेने पोटाला लावले.

घरकामावरून गोसावी यांची बढती झाली ती कंपनीत ऑफिसबॉय म्हणून. पुढे ते सुतारखात्यात गेले, रंगभूषेच्या खोलीत राबले, प्रकाशयोजनेच्या खात्यात दिवे हलवू लागले. गर्दीच्या दृश्यात माणूस कमी पडला की एक्स्ट्रा म्हणून उभे राहायचे. त्या काळच्या चित्रपट कंपन्या मासिक पगारावर चालत. हाताखालच्या माणसाने पडेल ते काम करावे, अशी तिथली शिस्त होती. तिथे नट व्हायला आलेल्या माणसाला अपमान वाटावा असे बरेच काही होते. पण दिव्याचा झोत कुठून येतो, रंगाचा थर किती द्यायचा, सेटची भिंत किती पोकळ असते आणि कॅमेऱ्यासमोर तीच किती भरीव दिसते, हे सारे या हरकाम्याला अंगवळणी पडले. अभिनयाची शाळा नसलेल्या काळात हीच त्यांची शाळा ठरली.

१९ ऑगस्ट १९४७ रोजी मास्टर विनायक यांचे अकाली निधन झाले. देश स्वतंत्र होऊन चारच दिवस झाले होते. धन्याच्या नावावर आणि कर्तृत्वावर उभी असलेली संस्था त्यांच्यामागे टिकू शकली नाही. बावीस वर्षांच्या गोसावी यांच्यापुढे पुन्हा पहिला प्रश्न उभा राहिला, उद्या कुठे जायचे?

दामुअण्णांचा आधार

उत्तर पुण्यात सापडले. विनायकांच्या चित्रपटांतून घराघरांत पोहोचलेले दामुअण्णा मालवणकर हे मराठी पडद्यावरचे आद्य विनोदी सहअभिनेते म्हणायला हरकत नाही. ‘ब्रह्मचारी’ असो वा ‘ब्रँडीची बाटली’, दामुअण्णांच्या तिरळ्या नजरेशिवाय ते चित्रपट आठवत नाहीत. त्यांची ‘प्रभाकर नाट्य मंदिर’ ही नाटक कंपनी होती आणि त्या कंपनीत गोसावी दाखल झाले.

इथेही सुरुवात तळापासूनच झाली. रंगमंचामागची कामे करता करता राम गणेश गडकरी यांच्या ‘भावबंधन’ या नाटकात त्यांना एक छोटीशी भूमिका मिळाली. भूमिका नगण्य होती. पण समोर जिवंत प्रेक्षक होता. वाक्य एका क्षणाने आधी पडले तर हशा जातो आणि एका क्षणाने उशिरा पडले तरी जातो, हे गणित चित्रपटाच्या सेटवर शिकता येत नाही. ते नाटकातच कळते. पुढे पडद्यावर गोसावी यांचे जे अचूक टायमिंग प्रेक्षकांनी वाखाणले, त्याची उजळणी या दिवसांत झाली.

नाटकावर मात्र घर चालत नव्हते. स्वातंत्र्यानंतरच्या त्या वर्षांत व्यावसायिक नाटक बोलपटांच्या माऱ्याने आधीच खिळखिळे झाले होते. म्हणून भानुविलासची नोकरी आली. चित्रपटात काम करायला निघालेला माणूस चित्रपटाची तिकिटे विकू लागला.

साताऱ्याचे त्रिकूट

१९५२ हे वर्ष या कथेला कलाटणी देणारे ठरले. ‘अखेर जमलं’ आणि पाठोपाठ ‘लाखाची गोष्ट’ हे चित्रपट त्याच वर्षीचे. पैकी ‘लाखाची गोष्ट’ने इतिहास घडवला. दिग्दर्शक होते राजा परांजपे, गीते ग. दि. माडगूळकर यांची आणि संगीत सुधीर फडके यांचे. रेखा आणि चित्रा या भगिनींनी या चित्रपटातून पडद्यावर पदार्पण केले. परांजपे स्वतः गोसावी यांच्या जोडीने पडद्यावर होते.

या मंडळींच्या गावांकडे नजर टाकली की एक मौज लक्षात येते. परांजपे मिरजेचे. माडगूळकर औंध संस्थानातल्या माडगूळचे. गोसावी खटावचे. सांगली हा जिल्हा त्या नावाने तेव्हा अस्तित्वातच नव्हता. १९४९ मध्ये साताऱ्याचे विभाजन होऊन दक्षिण सातारा हा जिल्हा झाला आणि त्याला सांगली हे नाव १९६० मध्ये मिळाले. म्हणजे १९५२ साली मिरज आणि माडगूळ ही दोन्ही गावे दक्षिण साताऱ्यातच मोडत होती. ज्या चित्रपटाने शहरी मराठी विनोदाचा नवा अध्याय लिहिला, त्याचा दिग्दर्शक, कवी आणि नायक असे तिघेही उत्तर-दक्षिण साताऱ्याच्या मातीतून आले होते. विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये ज्या सांगलीत मराठी नाटकाचा पहिला खेळ केला, तिच्या पंचक्रोशीत हे घडणे अगदीच अनपेक्षित म्हणता येणार नाही.

चित्रपटाचे कथानक सर्वपरिचित आहे. श्रीमंताच्या मुलीवर प्रेम करणाऱ्या फाटक्या खिशाच्या तरुणापुढे मुलीचा बाप एक विचित्र पैज ठेवतो. ठरलेल्या मुदतीत एक लाख रुपये खर्च करून दाखवायचे. पैसा मिळवणे अवघड, हे गरिबाला ठाऊक असते; पण पैसा संपवणेही अवघड असू शकते, हे त्याला नव्यानेच कळते. खर्च करावा तर पैसा उलटून परत येतो. या मूळ कल्पनेवर ‘ब्रूस्टर्स मिलियन्स’ या अमेरिकन कादंबरीची छाया असली, तरी पडद्यावर उभे राहिलेले जग शंभर टक्के मराठी होते.

प्रेक्षकांना हा नायक आपला वाटला, याचे कारण शोधायला फार दूर जावे लागत नाही. महायुद्धानंतरची महागाई, शिधापत्रिका, जागेची टंचाई आणि बेकारी यांनी मध्यमवर्ग पिचला होता. अशा वेळी गोसावी यांचा नायक पडद्यावर आला. तो धट्टाकट्टा नव्हता, पराक्रमी नव्हता, ऐतिहासिक पोशाखातला तर मुळीच नव्हता. निरागस चेहरा, साधारण अंगकाठी, बोलण्याची चपळ लय आणि अडचणीत सापडल्यावर होणारी ती विशिष्ट तारांबळ. खिसा रिकामा असण्याची लाज आणि तरीही प्रेम करण्याची उमेद एकाच वेळी चेहऱ्यावर दाखवणे त्यांना जमले. कारण रिकामा खिसा त्यांना अभिनयासाठी शिकावा लागला नव्हता. लाख रुपये उधळण्याची धडपड पडद्यावर करणारा हा नट प्रत्यक्षात काही आण्यांची तिकिटे विकून घर चालवत होता.

म्हणींचे दशक

पुढची काही वर्षे गोसावी यांची होती. ‘गंगेत घोडं न्हालं’ (१९५५), ‘आंधळा मागतो एक डोळा’ (१९५६), ‘गाठ पडली ठका ठका’ (१९५६), ‘झाकली मूठ’ (१९५७), ‘उतावळा नारद’ (१९५७), ‘दोन घडीचा डाव’ (१९५८) ही त्यांच्या चित्रपटांची नावे नुसती वाचली तरी त्या विनोदाची जात कळते. घरातल्या वडीलधाऱ्यांच्या तोंडी असलेल्या म्हणी आणि वाक्प्रचार उचलून त्यांभोवती गोष्ट गुंफायची, हा त्या काळचा खाक्या होता. विनोदाला भडक वेशभूषा लागत नव्हती आणि द्व्यर्थी संवादही लागत नव्हते. गैरसमज, लपवाछपवी, तोतयेगिरी आणि शेवटी सारे सुरळीत, एवढ्या भांडवलावर दोन-अडीच तास प्रेक्षक हसत राहायचा.

शरद तळवलकर यांच्याशी गोसावी यांची जोडी याच काळात जमली. तळवलकरांचा विनोद पोक्त, मिस्कील आणि काहीसा संथ होता, गोसावींचा चंचल. एकाने चेंडू हळूच टाकावा आणि दुसऱ्याने तो धावत जाऊन झेलावा, असा तो खेळ होता. हॉलीवूडच्या डॅनी के या विनोदी नटाशी गोसावींची तुलना होऊ लागली आणि ‘मराठीतला डॅनी के’ ही उपाधी त्यांना चिकटली. ती गौरवाची होती यात शंका नाही. पण डॅनी केला मिळणारे मानधन आणि मराठी नायकाची मिळकत यांची तुलना करण्याच्या भानगडीत कोणी पडले नाही.

या यशाच्या काळातच मराठी चित्रपटाचा आर्थिक पाया डळमळत होता. नटांना महिन्याच्या महिन्याला पगार देणाऱ्या कंपन्या एकामागून एक बंद पडल्या. १९५३ मध्ये पुण्याच्या प्रभातचेही दिवे मालवले. आता प्रत्येक चित्रपटाचा सौदा वेगळा. चित्रपट अडला तर पैसे अडले, निर्माता बुडाला तर नटही बुडाला. हिंदीच्या तुलनेत बाजारपेठ लहान, मिळेल ते चित्रपटगृह घ्यायचे. अशा धंद्यात नायक होणे म्हणजे श्रीमंत होणे नव्हे, हे भानुविलासच्या खिडकीत बसलेल्या माणसाला इतरांपेक्षा अधिक चांगले उमगले असणार. तिकिटाच्या खपाचा हिशेब त्याच्याच हातून जात होता.

लाट ओसरली

१९५९ मध्ये अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ आला आणि पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात तब्बल १३१ आठवडे चालला. मराठी चित्रपटाचे तोंड शहरातल्या दिवाणखान्याकडून गावच्या फडाकडे वळले. तमाशापटांचे युग सुरू झाले. ढोलकी, लावणी, पाटील आणि सरपंच यांच्या या जगात पुण्या-मुंबईच्या भाड्याच्या खोलीत अडखळणाऱ्या नायकाला जागा उरली नाही. वास्तविक गोसावी स्वतः खटावच्या खेड्यातले. पण प्रेक्षकांनी त्यांना शहरी म्हणून स्वीकारले होते आणि ती ओळख आता आड येऊ लागली.

‘अवघाचि संसार’ (१९६०), ‘बाप माझा ब्रह्मचारी’ (१९६२) अशा चित्रपटांतून ते दिसत राहिले. मात्र हळूहळू नायकपद इतरांकडे गेले आणि गोसावी यांच्या वाट्याला सहाय्यक भूमिका येऊ लागल्या. कधी नायकाचा मित्र, कधी घरातला वडीलधारा, कधी चार प्रसंगांपुरता येऊन हशा वसूल करून जाणारा पाहुणा. एकदा पोस्टरच्या मध्यभागी झळकलेल्या नटाला कोपऱ्यात सरकणे सोपे जात नाही. अनेकांनी अशा वेळी घरी बसणे पसंत केले. गोसावी यांनी मात्र काम लहान की मोठे, याचा घोळ घातला नाही. ज्याने सेटवर सुतारकाम केले, दिवे उचलले, गर्दीत उभे राहून दिवस काढले, त्याच्या लेखी दुय्यम भूमिका ही अवनती नव्हती. तो कामाचाच एक प्रकार होता.

पुन्हा तिसरी घंटा

चित्रपटाने हात आखडता घेतला तेव्हा ज्या रंगभूमीने त्यांना घडवले होते तीच पुन्हा मदतीला धावून आली. साठ-सत्तरच्या दशकांत व्यावसायिक मराठी नाटकाने नवी उभारी धरली होती. दौरे, कंत्राटी प्रयोग आणि दर प्रयोगामागे मिळणारी ‘नाइट’ यांवर नटाचा संसार चालू शकत होता. वसंत सबनीस यांच्या ‘सौजन्याची ऐशी तैशी’ या नाटकातील भांडखोर नाना बेरके गोसावी यांनी असा रंगवला की ती भूमिका त्यांच्याच नावाने ओळखली जाऊ लागली. पडद्यावरचा तो लाजराबुजरा, अडखळणारा तरुण आता चाळीतला तिरसट गृहस्थ झाला होता. पण हशा पिकवण्याचे तंत्र तेच होते, क्षणाची नेमकी पकड.

जुन्या नाटकांचे पुनरुज्जीवन करणाऱ्या प्रयोगांतही ते रमले. अत्र्यांचे ‘लग्नाची बेडी’ असो वा गडकऱ्यांचे ‘एकच प्याला’, ही नाटके त्यांनी नव्या पिढीपुढे नेली. ‘एकच प्याला’तील त्यांचा तळीराम पाहताना हसणारा प्रेक्षक शेवटी गंभीर होई. तळीराम हा विनोदी नटाची परीक्षा पाहणारा माणूस आहे. त्याला नुसते हसवून भागत नाही. दारूच्या नशेतले शहाणपण आणि त्याचा अटळ शेवट, दोन्ही पेलावे लागतात. विनोदी नट म्हणजे हलका नट, हा समज अशा भूमिकांपुढे टिकत नाही.

१९७२ मध्ये मुंबईत दूरदर्शन आले आणि पुढे शनिवारच्या मराठी चित्रपटाने गोसावी यांना दुसरा प्रेक्षकवर्ग मिळवून दिला. पन्नासच्या दशकात जन्मलाही नसलेल्या मुलांना ‘लाखाची गोष्ट’मधला तरुण घरबसल्या भेटला. त्याच सुमारास तो तरुण गावोगावच्या नाट्यगृहांत केस पिकलेल्या अवस्थेत प्रयोग करत फिरत होता. दिवाणखान्यात हसणाऱ्या किती जणांना या दोन्ही व्यक्ती एकच असल्याचे भान होते, कोण जाणे.

रंगभूमीशी असलेले हे नाते अखेरपर्यंत टिकले. २८ फेब्रुवारी १९९८ रोजी राजा गोसावी यांचे निधन झाले. त्र्याहत्तरावा वाढदिवस बरोबर एका महिन्यावर आला होता.

सहाय्यक नटांचा इतिहास आपल्याकडे फारसा लिहिला जात नाही. नायक, नायिका, दिग्दर्शक आणि संगीतकार यांच्यापाशी आपली स्मरणशक्ती थांबते. दामुअण्णांसारखे नट किश्श्यांपुरते उरतात आणि सुतारखात्यातली, रंगभूषेच्या खोलीतली माणसे तेवढीही उरत नाहीत. गोसावी यांचे आयुष्य या सगळ्या थरांतून गेले आणि म्हणूनच त्याचे महत्त्व केवळ एका विनोदी नटाच्या यशापुरते नाही. मराठी चित्रपट कोणाच्या श्रमावर उभा राहिला आणि त्या श्रमाचे मोल त्याला किती देता आले, याचा तो एक जमाखर्च आहे.

आज तिकिटे मोबाइलवर निघतात आणि अनेक चित्रपटगृहांत खिडकीपुढे रांग दिसत नाही. ‘लाखाची गोष्ट’ मात्र अजूनही पाहिला जातो. तो पाहताना लाख रुपये कसे संपवावेत या चिंतेने घाबराघुबरा झालेला नायक हसवतो, हे खरेच. त्याच वेळी हेही आठवावे की त्या वर्षी ‘भानुविलास’मध्ये त्याच नायकाने रांगेतल्या माणसाला तिकीट दिले, सुटे पैसे मोजून परत केले आणि पुढच्याला बोलावले.